रेक्यानेसचा लाव्हा आणि पेर्लान संग्रहालय : आइसलँडमधील एका दिवसाच्या सहलीची तयारी

आइसलँडला पहिल्यांदा निघालेल्या माणसाच्या मनात बहुधा एकच चित्र असते : काळोखात उसळणारा लाल लाव्हारस. ते चित्र मनात धरून एका दिवसाच्या ज्वालामुखी सहलीला गेल्यास निराशा पदरी पडण्याचा संभव अधिक आहे, कारण उद्रेक काही तास किंवा काही दिवस चालतात, क्वचित काही महिने टिकतात, आणि मधला सारा काळ जमीन वरून तरी शांत असते. ही सहल खरे तर थिजलेल्या लाव्ह्याची असते, आणि हे आधीच मनाशी पक्के केलेल्या प्रवाशाला तो थिजलेला काळा दगडच दिवसभर पुरून उरतो. या लेखात मी आइसलँडची राजधानी रेक्याविकहून निघणाऱ्या रेक्यानेस द्वीपकल्पाच्या सहलीविषयी आणि तिला जोडून पाहता येणाऱ्या पेर्लान या निसर्ग संग्रहालयाविषयी, पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी क्रमाने लिहीत आहे.

रेक्यानेसच का, असा प्रश्न रास्त आहे, कारण दक्षिण किनाऱ्याच्या आणि ‘गोल्डन सर्कल’ या ठरावीक पर्यटन फेऱ्याच्या सहली अधिक प्रसिद्ध आहेत. त्या सहलींत धबधबे उत्तम दिसतात. परंतु ताजा लाव्हा, जुना लाव्हा, उकळता चिखल, भूपट्टांमधील (पृथ्वीच्या कवचाच्या प्रचंड तुकड्यांमधील) भेगा आणि समुद्राने कापलेले कडे हे सारे एकमेकांपासून तासाभराच्या आत पाहायचे असेल, तर रेक्यानेसला तोड नाही. शिवाय आपण महाराष्ट्रातून जाणारे लोक बेसाल्टवरच जन्मलेले असतो. सह्याद्रीचे कातळ सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून वाहिलेल्या लाव्ह्याच्या थरांचे आहेत. रेक्यानेसचा काही लाव्हा २०२१ नंतरचा आहे. खडकाची जात तीच, वय मात्र पराकोटीचे वेगळे, आणि म्हणून तो दगड पाहण्याची आपली नजर इतर पर्यटकांहून थोडी वेगळी असू शकते.

निघण्यापूर्वी एवढे समजून घ्यावे

उत्तर अमेरिकी आणि युरेशियाई हे दोन भूपट्ट अटलांटिक महासागराच्या मध्यावर एकमेकांपासून वर्षाला सुमारे २ सेंटीमीटर दूर सरकत आहेत. ही सीमा जवळजवळ सर्वत्र समुद्राखाली आहे. रेक्यानेसच्या टोकाशी ती पाण्यातून वर येऊन जमिनीवर चढते. भूपट्ट ताणले जातात, भेगा पडतात आणि खालचा शिलारस त्या भेगांतून वर येतो. त्यामुळे येथे शंकूच्या आकाराचा एखादा मोठा ज्वालामुखी शोधू नये. येथे ओळीने फुटणाऱ्या भेगा आणि त्यांवर उभ्या राहिलेल्या लहान लहान विवरांच्या रांगा आहेत. दख्खनच्या पठाराची घडणही मुख्यतः भेगांतून झालेल्या उद्रेकांचीच होती. प्रमाण मात्र कल्पनेपलीकडचे मोठे होते.

या द्वीपकल्पावर सुमारे ८०० वर्षे एकही उद्रेक झाला नव्हता. १९ मार्च २०२१ रोजी फाग्रादाल्सफ्याल्ल या डोंगराजवळील एका दरीत भेग उघडली आणि तो उद्रेक सप्टेंबरपर्यंत चालला. त्याच परिसरात ऑगस्ट २०२२ आणि जुलै २०२३ मध्ये पुन्हा उद्रेक झाले. नंतर केंद्र पश्चिमेकडे सरकले. १० नोव्हेंबर २०२३ रोजी ग्रिंदाविक हे मासेमारीचे गाव भूकंपांमुळे रातोरात रिकामे करावे लागले, आणि डिसेंबर २०२३ ते जुलै २०२५ या काळात गावाच्या उत्तरेकडील विवरांच्या रांगेतून नऊ उद्रेक झाले. त्यांपैकी जानेवारी २०२४ मधील उद्रेकाच्या लाव्ह्याने गावातील तीन घरे गिळली. सहल ज्या रस्त्याने जाते तो रस्ताही कधी कधी नव्या लाव्ह्यावरून पुन्हा बांधलेला असतो. एवढी पार्श्वभूमी हाताशी असली, की मार्गदर्शकाचे बोलणे कानावरून जात नाही.

महिना, व्हिसा आणि विमा

आइसलँड शेंगेन या, एकच सामाईक व्हिसा चालणाऱ्या युरोपीय देशांच्या गटात असल्यामुळे भारतीय पारपत्रधारकांना शेंगेन व्हिसा लागतो. अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो आणि किमान १५ दिवस आधी करावाच लागतो; उन्हाळ्यातील गर्दी लक्षात घेता दोन-तीन महिने हाताशी ठेवणे शहाणपणाचे ठरते. वैद्यकीय खर्चासाठी किमान ३०,००० युरोचे संरक्षण देणारा प्रवास विमा अनिवार्य आहे. तो घेताना नैसर्गिक आपत्तीमुळे रद्द झालेल्या प्रवासाचा खर्च त्यात धरला आहे का, हे वाचून घ्यावे, कारण या देशात तो मुद्दा केवळ कागदावरचा नाही.

महिन्याची निवड उजेडावरून करावी. रेक्याविक ६४ अंश उत्तर अक्षांशावर आहे. जूनच्या अखेरीस तेथे मध्यरात्रीही संधिप्रकाश असतो, तर डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात सूर्य सकाळी ११ नंतर उगवून दुपारी साडेतीनच्या सुमारास मावळतो. लाव्ह्याचा पोत नीट पाहायचा असेल तर मे ते सप्टेंबर हा काळ उत्तम. हिवाळ्यात जायचेच असेल, तर दिवसाउजेडाचे चार तास बाहेर आणि उरलेला वेळ संग्रहालयात, अशी सरळ विभागणी करावी. बर्फाखाली लाव्हा झाकला जातो ही अडचण असली, तरी उकळत्या झऱ्यांची वाफ त्या थंडीत अधिक दाट दिसते.

सहल निवडताना विचारायचे प्रश्न

संकेतस्थळांवर सहलींची नावे एकसारखी असतात. फरक तपशिलात असतो. गट किती जणांचा आहे, ताज्या लाव्ह्याजवळ प्रत्यक्ष किती चालावे लागेल, मार्गदर्शक भूविज्ञान शिकलेला आहे का, आणि रस्ता बंद झाल्यास पर्यायी ठिकाणे कोणती, हे चार प्रश्न आरक्षणापूर्वी लिहून विचारावेत. यांतला शेवटचा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा आहे. माझ्या पहिल्या फेरीत जोरदार वाऱ्यामुळे सहलीतील दोन ठिकाणे वगळली गेली, त्यांऐवजी काय दाखवणार हे आयोजकाने आधी सांगितले नव्हते आणि मीही विचारले नव्हते. दुपारचा बराच वेळ एका उपाहारगृहात बसून गेला, आणि तो आजही सलतो.

काही सहलींत पेर्लानचे तिकीट धरलेले असते. नसल्यास ते स्वतंत्र काढावे आणि संग्रहालय सहलीनंतर, त्याच संध्याकाळी किंवा दुसऱ्या दिवशी सकाळी पाहावे. अनेकजण उलट क्रम सुचवतात. माझे मत असे, की आधी पायांखाली दगड यावा आणि मग त्याचे स्पष्टीकरण; संग्रहालय आधी पाहिले, की प्रत्यक्ष जागेवर माणूस फलकांवरची चित्रे शोधत बसतो.

बस कोठून सुटते हेही नीट पाहावे. रेक्याविकच्या मध्यवस्तीत मोठ्या बसगाड्यांना मज्जाव आहे, त्यामुळे हॉटेलच्या दाराशी बस येत नाही. क्रमांक दिलेल्या ठरावीक थांब्यांवर उभे राहावे लागते आणि गाडी येण्यासाठी साधारण अर्ध्या तासाची मुदत सांगितलेली असते. त्या मुदतीच्या आरंभीच थांब्यावर असावे. तो अर्धा तास वाऱ्यात उभे राहण्याचा असतो, म्हणून कपडे हॉटेलातूनच पूर्ण चढवून निघावे.

कपडे आणि शिदोरी

जीन्स घालू नये. भिजलेले सुती कापड वाळत नाही आणि अंगातली ऊब ओढून घेते. अंगालगत लोकरीचा पातळ थर, त्यावर उबदार थर आणि सर्वांत वर वारा-पाऊस अडवणारे जाकीट व विजार, अशी रचना जुलै महिन्यातही लागते. छत्री घरीच ठेवावी, कारण पाऊस आडवा येतो. घोट्यापर्यंतचे, खाचांच्या तळव्याचे बूट हवेत; लाव्ह्याच्या कडा काचेसारख्या धारदार असतात आणि पडल्यास तळहात सोलून निघतात, त्यामुळे हातमोजे केवळ थंडीसाठी नसतात. गाडीचे दार उघडताना ते दोन्ही हातांनी धरावे. वाऱ्याने दार हिसकावून वाकण्याचे प्रकार तेथे इतके नित्याचे आहेत, की भाड्याच्या गाड्यांत त्याची सूचनाच चिकटवलेली असते.

द्वीपकल्पावर शाकाहारी जेवण वाटेत मिळेलच असे धरून चालू नये. आदल्या दिवशी शहरातील किराणा दुकानातून पाव, फळे, सुकामेवा आणि स्किर घ्यावे. स्किर म्हणजे आपल्या चक्क्याच्या जवळचा पदार्थ. साखर आणि वेलची घातली तर श्रीखंडाची आठवण यावी इतका जवळचा. मात्र पारंपरिक पद्धतीत ते विरजताना वासराच्या पोटातील, दूध घट्ट करणारे रेनेट वापरले जात असे, म्हणून कटाक्षाने शाकाहारी असणाऱ्यांनी डब्यावरील घटक वाचावेत. घरून नेलेला कोरडा चिवडा किंवा भाकरवडी दिवसभर उपयोगी पडते. दुधाचे आणि मांसाचे पदार्थ मात्र भारतातून नेऊ नयेत, सीमाशुल्काच्या नियमांत ते बसत नाहीत. पाण्याच्या बाटल्या विकत घेण्याची गरज नाही, थंड पाण्याचा नळ निर्धास्तपणे पिण्याजोगा असतो.

दिवस प्रत्यक्ष कसा जातो

सकाळी निघण्यापूर्वी हवामान खात्याचा वाऱ्याचा अंदाज आणि रस्त्यांची स्थिती पाहावी. सहल आयोजकाची असली तरी ही सवय ठेवावी. आपत्कालीन क्रमांक ११२ आहे, तो फोनमध्ये नोंदवून ठेवावा.

बहुतेक सहली प्रथम क्लेइफारवात्न या तलावाकडे जातात. या तलावातून बाहेर वाहणारी नदी नाही. २००० सालच्या भूकंपांनंतर तळाच्या भेगा उघडल्या, पाणी त्यांतून खाली झिरपू लागले आणि तलावाचे क्षेत्र सुमारे पाचव्या हिश्शाने घटले. भेगा गाळाने भरल्यावर पातळी पुन्हा चढली. काठावर उभे राहून हे ऐकताना, जमीन ही भांड्यासारखी नसून चाळणीसारखी आहे, हे पहिल्यांदा उमगते.

पुढे सेल्टून येथे लाकडी पायवाटांवरून उकळते झरे आणि राखाडी चिखलाचे खड्डे पाहता येतात. गंधकाचा, सडक्या अंड्यासारखा वास पाच मिनिटांत सवयीचा होतो. येथे एकच नियम काटेकोरपणे पाळावा : फळ्यांच्या बाहेर पाऊल टाकू नये. बाजूची पिवळी-पांढरी माती घट्ट दिसते, पण ती पापुद्र्याइतकी पातळ असू शकते आणि खालचे पाणी उकळत असते. लहान मुलांचा हात सोडू नये. याच जागी १९९९ मध्ये एक जुनी कूपनलिका वाफेच्या दाबाने फुटली आणि तेथे मोठा खड्डा पडला. तो आज पाण्याने भरलेला दिसतो.

त्यानंतर दक्षिण किनाऱ्याच्या रस्त्याने २०२१ च्या लाव्ह्याकडे जातात, आणि माझ्या दृष्टीने हा सहलीचा गाभा आहे. वाहनतळापासून थोडे चालले, की दरीत उतरून थांबलेली काळी भिंत समोर येते. येथे घाई करू नये. सोबतचे लोक छायाचित्रे काढून परतू लागले तरी मार्गदर्शकाकडे आणखी दहा मिनिटे मागून घ्यावीत.

पाहायचे काय, ते सांगतो. आइसलँडच्या भाषेत लाव्ह्याच्या दोन रूपांना दोन जुनी नावे आहेत : गुळगुळीत, फरशीसारख्या किंवा दोरखंडासारख्या वळ्या पडलेल्या लाव्ह्याला हेल्लुह्रॉइन, आणि ओबडधोबड ढेकळांच्या, काटेरी लाव्ह्याला आपाल्ह्रॉइन. पहिला वाहताना वरची साय थिजते आणि खालचा रस तिला पुढे ढकलून सुरकुत्या पाडतो, गार होत आलेल्या दुधावरच्या सायीसारख्या. दुसऱ्यात रस अधिक घट्ट झालेला असतो किंवा वेगाने ढकलला जातो, त्यामुळे साय फुटून तिचे तुकडे वाहत जातात. एकाच प्रवाहात ही दोन्ही रूपे सापडतात. ती बोटाने दाखवता येऊ लागली, की पाहणे सुरू झाले असे समजावे.

नंतर दगडातील छिद्रे पाहावीत. रसातून निसटणाऱ्या वायूचे ते बुडबुडे आहेत, आणि येथे ते रिकामे आहेत. आपल्याकडे पुण्याच्या किंवा नाशिकच्या परिसरातील खाणींत हीच छिद्रे झिओलाइट या खनिजाच्या आणि गारेच्या स्फटिकांनी भरलेली सापडतात, कारण त्यांतून कोट्यवधी वर्षे पाणी झिरपत राहिले आणि विरघळलेली खनिजे मागे ठेवत गेले. आपल्या स्फटिकांच्या आधीची ती रिकामी जागा कशी होती, हे पाहायला मिळणे ही मराठी माणसासाठी या सहलीची खास मिळकत आहे.

तिसरी गोष्ट शेवाळाची. नव्या लाव्ह्यावर काहीही उगवलेले नसते. त्याच्या शेजारच्या शेकडो-हजारो वर्षांच्या लाव्ह्यावर राखाडी-हिरव्या शेवाळाची गादी असते, कोरड्या दिवशी राखाडी आणि पावसात हिरवीगार. गादी किती जाड आहे यावरून प्रवाहाचे वय ढोबळपणे ओळखता येते. त्या गादीवर बसू नये, चालू नये आणि छायाचित्रासाठी टेकूही नये. ती वाढायला अनेक दशके लागतात आणि एका पावलाचा ठसा वर्षानुवर्षे राहतो. आपल्या कोकणातील सड्यांवर पावसाळी फुले तुडवली जातात तेव्हा जी हळहळ वाटते, तीच येथे आठवावी.

नव्या लाव्ह्यावर चढण्याचा मोह कोणालाही होतो, आणि तो आवरलाच पाहिजे. वरचे कवच थंड झाले तरी आत पोकळ्या असतात, कवच कोसळू शकते, आणि जाड प्रवाहाच्या पोटात उष्णता वर्षानुवर्षे टिकते. वारा पडलेला असेल तर खोलगट जागी उभे राहू नये. हवेहून जड वायू तेथे साठतात. उद्रेक चालू असल्यास किंवा नुकताच थांबला असल्यास नागरी संरक्षण विभागाची सूचना अंतिम मानावी. आयोजकाने सहल रद्द केली तर वाद घालू नये.

ग्रिंदाविक गावातून जाण्याची परवानगी त्या दिवशी असेल तर तेथे वागण्याचे भान ठेवावे. ती लोकांची घरे आहेत. सुमारे ३,७०० माणसांचे गाव एका रात्रीत उठले, आणि आजही अनेकांचे परतणे झालेले नाही. भेगाळलेल्या अंगणात शिरून किंवा खिडक्यांतून छायाचित्रे घेऊ नयेत.

उत्तरार्धात बस पश्चिमेकडील टोकाला, गुन्नुह्वेरला जाते. हा प्रचंड वाफाळता चिखलकुंड गुन्ना नावाच्या स्त्रीच्या भुतावरून ओळखला जातो. लोकांना छळणाऱ्या त्या भुताला एका धर्मोपदेशकाने युक्तीने या झऱ्यात पाडले अशी सुमारे ४०० वर्षांपूर्वीची कथा आहे. बहुतेक भूऔष्णिक क्षेत्रांत पावसाचे पाणी तापते. येथे भूगर्भात तापणारे पाणी समुद्राचे आहे. वाफेची दिशा वाऱ्यासोबत पालटते, म्हणून चष्मा आणि कॅमेऱ्याची भिंग पुसायला कापड जवळ असावे. जवळच १८७८ साली देशातील पहिले दीपगृह बांधले गेले होते, तेही भूकंपांनी टिकू दिले नाही. आजचे दीपगृह त्यानंतरचे, आतल्या बाजूच्या टेकडीवरचे आहे. स्वच्छ हवेत समुद्रात एल्डे हे ७७ मीटर उंचीचे खडकाळ बेट दिसते. तेथे १८४४ मध्ये ग्रेट ऑक या न उडणाऱ्या पक्ष्याची शेवटची ज्ञात जोडी मारली गेली. किनाऱ्यावर त्या पक्ष्याचा पुतळा समुद्राकडे तोंड करून उभा आहे.

सहलीत ‘दोन खंडांमधील पूल’ही असतो, १५ मीटर लांबीचा. एक पाय अमेरिकेत आणि एक युरोपात असे सांगून तेथे छायाचित्रे काढली जातात. छायाचित्र जरूर काढावे. परंतु भूपट्टांची सीमा म्हणजे ती एकच भेग नव्हे, ती कित्येक किलोमीटर रुंदीची, असंख्य भेगांची पट्टी आहे, आणि सकाळपासून आपण तिच्यातूनच फिरत होतो.

पेर्लान

रेक्याविकच्या ओस्क्यूहलिद टेकडीवर शहराला पुरवल्या जाणाऱ्या गरम पाण्याच्या अवाढव्य टाक्या आहेत. त्यांच्या माथ्यावर काचेचा घुमट चढवून १९९१ मध्ये पेर्लान, म्हणजे ‘मोती’, ही इमारत उघडण्यात आली, आणि आता तीत निसर्ग संग्रहालय आहे. म्हणजे दिवसभर ज्या उष्णतेची वाफ पाहिली, तिचाच साठा करणाऱ्या टाक्यांभोवती हे संग्रहालय उभे आहे.

दोन ते अडीच तास ठेवावेत. ज्वालामुखी आणि भूकंपांच्या दालनापासून सुरुवात करावी, कारण सकाळची नावे अजून ताजी असतात. तेथे १७८३ च्या लाकी उद्रेकाची माहिती सावकाश वाचावी : आठ महिने भेगांतून लाव्हा आणि विषारी वायू निघत राहिले, गवत विषारी होऊन जनावरे मेली आणि पुढच्या दुष्काळात देशाच्या लोकसंख्येचा सुमारे पाचवा हिस्सा दगावला. दख्खनच्या उद्रेकांची तुलना करताना भूवैज्ञानिक लाकीकडे वारंवार वळतात.

त्यानंतर १०० मीटर लांबीची बर्फाची गुहा आहे, ३५० टनांहून अधिक खऱ्या बर्फाने घडवलेली. आत तापमान शून्याच्या बरेच खाली असते, म्हणून बाहेरचे जाकीट लॉकरमध्ये ठेवू नये. भिंतीतील काळे पट्टे राखेच्या थरांचे आहेत. हिमनदीत उद्रेकांची नोंद अशीच साठत जाते. पक्ष्यांच्या कड्याची प्रतिकृती मुलांना आवडते. तारांगणातील उत्तर ध्रुवीय प्रकाशाचा कार्यक्रम उन्हाळ्यात जाणाऱ्यांनी चुकवू नये, कारण त्या दिवसांत आकाशात तो प्रकाश दिसत नाही. ज्यांना तरीही लाल लाव्हा पाहायचाच आहे, त्यांच्यासाठी शहरात ‘लाव्हा शो’ नावाचे वेगळे ठिकाण आहे. तेथे खरा लाव्हा सुमारे १,१०० अंश सेल्सिअसपर्यंत पुन्हा वितळवून प्रेक्षकांसमोर ओततात.

घुमटाभोवतीचा सज्जा शेवटी ठेवावा. आकाश मोकळे असेल तर नैर्ऋत्येला केइलिर हा छोटा, रेखीव शंकू ओळखता येतो. त्याच्या मागे सकाळचा लाव्हा आहे.

हॉटेलवर परतल्यावर एक लहानशी काळजी घ्यावी. अनेक ठिकाणी आंघोळीचे गरम पाणी थेट जमिनीखालून आलेले असते आणि त्याला सेल्टूनचाच गंधकाचा वास येतो. अपाय काही नाही. परंतु चांदी त्या पाण्याने काळी पडते, म्हणून पैंजण, जोडवी, अंगठ्या आधी काढून ठेवाव्यात. प्यायचे पाणी घेण्यापूर्वी नळ थंड बाजूला वळवून अर्धा मिनिट वाहू द्यावा.